घरच्यांचा केसपेपर

६ ऑक्टोबर, सोमवार

क्लिनिक उघडायच्या आधीच दारात पेशंट. ओझरचा टेम्पोवाला, चाळिशीचा, हातात थर्मास. बोलायच्या आधी बर्फाच्या पाण्याचा घोट तोंडात धरायचा, गिळून दोन वाक्यं बोलायची, की परत घोट. शोभाताई म्हणाल्या, "मॅडम, ह्यांना आधी घ्या, नाहीतर माझी फरशी तळं होईल." तो हसला आणि हसतानाच कळ आली.

गार पाण्यानं बरं वाटतं म्हणजे नस संपत आलेली. बोट वरच्या दाढेवर ठेवत होता. वरची ठोकून पाहिली, काही नाही. खालच्या शेवटून दुसरीला नुसतं टोक लावलं तर खुर्चीचा हात घट्ट धरला. खाली भूल दिली. पाच मिनिटांनी त्यानं आपणहून थर्मास बाजूला ठेवला. दाढ उघडली, नस काढली, औषध, वर कच्चं सिमेंट.

उठताना म्हणाला, "दोन रात्री बायकोला बी झोपू दिलं नाय. आता काय बी दुखत नाय."

हे वाक्य मला ऐकवत नाही. पुढची तारीख दोनदा सांगितली, चिठ्ठीवर लिहून दिली, वर त्याच्या बायकोचा नंबर मागितला. तो जरा बावरला.

दादाला जाऊन दहा महिने होतील.

८ ऑक्टोबर, बुधवार

शोभाताई रोज सकाळी एक्स-रेचं मशीन तपासतात. रिकामा फोटो काढतात, तो 'टेस्ट' नावाच्या फोल्डरमध्ये जातो. फोल्डर उघडलं की जुने फोटोही दिसतात. सगळे कोरे, करडे. फक्त एक कोरा नाही. खालची डावी दाढ, छत्तीस नंबर. नाव नाही, वय नाही. मागच्या वर्षीच्या ऑक्टोबरातला रविवार.

दादाची दाढ. केसपेपर नव्हता, म्हणून कॉम्प्युटरवर नाव नव्हतं, म्हणून टेस्टमध्ये टाकली.

घरच्यांचा केसपेपर आम्ही काढत नाही. शिकायला असताना सरांकडे हेच पाहिलं, आणि बरोबरचे सगळे हेच करतात. घरचं माणूस रविवारी येतं. शोभाताईंना सुट्टी. मीच दिवा लावायचा, मीच पाणी ओढायची नळी धरायची, मग चहा. घरच्या माणसाला कागद पुढे करायचा म्हणजे परकं केल्यासारखं वाटतं.

त्या केसपेपरवर वरच्याच ओळीत छापलेलं आहे: साखर, बीपी, इतर आजार.

फोटो पुसायला दोनदा गेले. राहू दिला.

११ ऑक्टोबर, शनिवार

शोभाताईंच्या वहीत 'उ' लिहिलेली यादी असते. उ म्हणजे उघडा. दुखतंय म्हणून धावत आलेला, दाढ उघडून नस काढलेली, पण काम पुरं न झालेला. दुखणं थांबतं तसा पेशंटही थांबतो. मूळ अर्धंच साफ झालेलं असतं, वरचं सिमेंट महिनाभरात झिजतं, मग लाळ आत, जंतू आत. दर शनिवारी त्या यादीवरच्या प्रत्येकाला फोन करतात.

आजचा त्यांचा फोन, सिडकोतल्या एका बाईंना: "अहो काकू, घराला दार न लावता गावाला जाता का? मग दाताला का सोडलंय? नातवाची मुंज आहे हे कळलं, पण मुंजीत जेवायचं कशानं?"

काकू मंगळवारी येते म्हणाल्या.

अठ्ठावीस वर्षं हे काम करतायत. आधी सरांकडे, नंतर माझ्याकडे. त्यांच्या वहीत एकदा नाव गेलं की माणूस सुटत नाही.

दादाचं नाव वहीत नव्हतं. केसपेपर असेल तरच वहीत नाव जातं.

१४ ऑक्टोबर, मंगळवार

एक शिक्षक, निवृत्त, म्हसरूळ. सून घेऊन आली. त्यांचं म्हणणं, आठ दिवसांपूर्वी फार दुखत होतं, आता बंद झालं, सुनेलाच काळजी. दाढेवर गार लावून पाहिलं. शेजारच्या दाताला दोन सेकंदांत हात वर केला. त्या दाढेला अर्धा मिनिट, काहीच नाही. मेलेली. एक्स-रेत मुळाच्या टोकाशी काळी सावली, तांदळाच्या दाण्याएवढी.

"दुखत नाही त्याचं औषध कशाला?" ते म्हणाले. "तुम्ही लोक भीती घालता."

सून खाली बघत होती. मी सांगितलं की दुखत नाही कारण आता दुखायला आत काही उरलेलं नाही. इतकं बोलताना माझा आवाज चढला. शोभाताईंनी वळून पाहिलं. मी पेशंटवर कधी आवाज चढवत नाही.

ते उठून गेले. संध्याकाळी मी स्वतः फोन केला. सुनेनं उचलला. म्हणाली, "बाबा चिडलेत, पण मी आणते गुरुवारी. त्यांना कुठं जायचंय ते सांगणारच नाही."

१७ ऑक्टोबर, शुक्रवार

आज लिहिते. नाहीतर लिहिणार नाही.

मागच्या ऑक्टोबरात रविवारी दादा घोटीहून आला. दोन दिवस झोप नव्हती. मी दाढ उघडली, नस काढली, सिमेंट घातलं. उठून आळस दिला, म्हणाला, "तुझ्या हातात जादू हाय गं." मी म्हटलं, पुढच्या रविवारी ये, पुरं करू. एकदाच म्हटलं, बेसिनशी हात धुताना. तो हो म्हणाला.

पुढच्या रविवारी आला नाही. भात निघायला लागला होता, त्याच्या भाताच्या गिरणीचा सीझन. मला आठवण होती. मी त्या रविवारी लायब्ररीची पुस्तकं बदलायला गेले. पुढच्या रविवारी दिवाळीची साफसफाई. मग नाही आठवलं. खरं तर आठवायचं, पण तो माझा भाऊ, दुखलं तर येईलच, असं.

डिसेंबरात सूज आली. त्यानं मला सांगितलंही नाही. मेडिकलमधून गोळ्या आणून चार दिवस खाल्ल्या. सूज हनुवटीखाली दोन्ही बाजूंना गेली, जीभ वर उचलली गेली, गिळता येईना. नाशिकला आणलं तेव्हा श्वास लागत होता. रक्तातली साखर तीनशे ऐंशी. साखर आहे हे कोणालाच माहीत नव्हतं. कुणी विचारलंच नव्हतं. दुसऱ्या दिवशी दुपारी गेला.

हॉस्पिटलच्या पॅसेजमध्ये आत्या म्हणाली, "तू दाताची डॉक्टर, आणि सख्ख्या भावाचं असं?" सगळे बघत होते. मी म्हटलं, "मी त्याला ये म्हणून सांगितलं होतं."

खोटं नाही. एकदा सांगितलं होतं.

वहिनी भिंतीला टेकून बसल्या होत्या. त्यांनी ऐकलं. तेराव्यापर्यंत त्या एका वाक्याचं असं झालं की, बहिणीनं किती फोन केले, किती विनवलं, हा माणूस हट्टानं गेला नाही. वहिनी स्वतःच सगळ्यांना सांगत होत्या. मी शेजारी बसले होते. गप्प.

२३ ऑक्टोबर, गुरुवार. भाऊबीज

या वर्षी सण नाही. तरी गेले. दरवर्षी जाते म्हणून.

वहिनी गिरणीतच होत्या. डोक्याला फडकं बांधलेलं, भुवयांवर कोंडा. दादाच्या जागेवर आता त्याच बसतात. एक शेतकरी भाताच्या ओलीवरून हुज्जत घालत होता. वहिनींनी चार दाणे दाताखाली फोडले आणि त्याच्याकडे बघून म्हणाल्या, "मामा, हे वाळवलं कुठं, नदीत?" तो हसत पोती परत घेऊन गेला.

दाणे डावीकडे फोडले. जेवतानाही सगळं डावीकडे. विचारलं तर म्हणाल्या, "उजवा कान ठणकतोय. थेंब घालते." कान दुखणाऱ्या माणसाची चघळायची बाजू बदलत नाही. तोंड बघू द्या म्हटलं, तर "राहू द्या हो, सणासुदीचं."

मग दादाच्या फोटोकडे मानेनं दाखवून: "लय हट्टी माणूस. तुम्ही सांगून सांगून थकलात. एवढ्या एका दातापायी मला हिथं पोत्यांत बसवून गेला. मी रोज शिव्या घालते त्याला, ताई. रोज. दिवा लावताना बी."

मी वरणभात खाल्ला.

२७ ऑक्टोबर, सोमवार

वहिनींना फोन. "सीझन हाय, ताई. नोव्हेंबर जाऊ द्या."

दादानं म्हटलं असतं ते शब्द न् शब्द हेच. तेव्हा दादाच्या तोंडून ऐकले नव्हते, कारण मी फोनच केला नव्हता. आज ऐकले.

३० ऑक्टोबर, गुरुवार

परत फोन. काल रात्री झोपल्या नाहीत, हे बोलता बोलता निघालं. गरम चहा घेतला की कानात सुरी फिरते म्हणाल्या. चहा आणि कान. मी म्हटलं, तो कान नाही, दाढ आहे. म्हणाल्या, "दाढेला हात लावला तर दुखत नाय, कानालाच दुखतं." सगळे हेच म्हणतात. खालच्या मागच्या दाढेचं दुखणं कानात जातं, माणूस थेंब घालत बसतो.

म्हसरूळचे शिक्षक आले, दोन गुरुवार चुकवून. सुनेनं देवळात जायचंय म्हणून आणलं. खुर्ची दिसल्यावर तिला म्हणाले, "हा कुठला देव?" दाढ उघडली, आतून पू आला, बराच.  वास त्यांनाही आला असणार.

५ नोव्हेंबर, बुधवार

बारा वाजता वहिनी आल्या. गिरणीच्या पिकअपमधून, ड्रायव्हरशेजारी बसून. पदर गालावर धरलेला. डोळे लाल. माझ्या फोननं नाही, दुखण्यानंच आणलं.

मी शोभाताईंना म्हटलं, केसपेपर काढा. त्या माझ्याकडे बघत राहिल्या. "घरच्यांचा?"

"काढा."

वहिनी म्हणाल्या, "मला कशाला कागद? मी काय पळून जाते का?" शोभाताईंनी नाव लिहिलं, वय विचारलं. "लिहा पन्नास. घरात दोन जास्त सांगतात, पण ते सोडा." मग साखर आहे का, बीपी आहे का. कधी तपासलं? कधीच नाही. मी बोटातून रक्त घेऊन मशीनवर लावलं. एकशे दहा. ठीक.

वहिनी बोटावरचा कापूस दाबत म्हणाल्या, "ह्यांना असं कुणी विचारलं असतं तर..." आणि पुढे बोलल्या नाहीत. कुणाला उद्देशून नव्हतं.

मी वळून हातमोजे चढवले.

उजवीकडे खाली, शेहेचाळीस नंबर. जुनी चांदी भरलेली, कडेला चीर. गार लावलं तर कळ मिनिटभर गेली नाही. हलकं ठोकलं तर डोळ्यांत पाणी. दोन्हीकडून खात्री. भूल दिली. ओठ जड झाला, जीभ जड झाली, पण दाढेला ड्रिल लागताच वहिनी उसळल्या. नस इतकी चिडलेली असली की भूल धरत नाही. परत दिली. मुळाच्या कडेनं दिली. तरी नाही.

एकच रस्ता उरला. छोटं भोक पाडून सुई थेट नसेत. एक क्षण फार दुखतं. पेशंटला आधी सांगावं लागतं. सांगितलं.

"करा," वहिनी म्हणाल्या. "तुमच्यावर सोडलंय."

सुई घातली. त्या ओरडल्या नाहीत, त्यांनी माझा ॲप्रन मुठीत धरला. मग मूठ हळूहळू सैल झाली. नंतर तासभर नीट काम झालं. नस पूर्ण आली. औषध, कच्चं सिमेंट. पुढच्या बुधवारी बोलावलं. वहीत 'उ'.

जाताना माझ्या गालाला हात लावला. "तुम्ही नसता तर मी बी गेले असते त्याच्या वाटेनं. तो मात्र ऐकायचा नाय."

तेव्हाच सांगायला हवं होतं. ड्रायव्हर हॉर्न देत होता.

७ नोव्हेंबर, शुक्रवार

आधी सांगायचं की काम पुरं झाल्यावर?

आधी सांगितलं आणि त्या उठून गेल्या तर दाढ अर्धीच राहील. नंतर सांगितलं तर आणखी एकदा त्यांच्या तोंडात हात घालून खोटं बोलत राहायचं. खोटंही नाही. गप्प. पण गप्पच राहून हे इथवर आलं.

शोभाताईंना विचारलं. नाव न घेता, एका पेशंटचं म्हणून. त्या टेबल पुसत होत्या. म्हणाल्या, "मॅडम, टेस्टमधली ती दाढ मला माहीत आहे. मी रोज बघते. तारीख रविवारची आहे, आणि त्या सोमवारी सिंकमध्ये चहाचे दोन कप होते."

एवढं बोलून फडकं पिळायला गेल्या. परत आल्यावर: "मला त्या वेळी तुम्ही सांगितलं असतं तर मी वहीत लिहिलं असतं. एवढंच."

राग नव्हता त्यांच्या आवाजात. असता तर बरं झालं असतं.

१२ नोव्हेंबर, बुधवार

सांगितलं.

वहिनी वेळेवर आल्या. नव्या तांदळाची पिशवी आणली, शोभाताईंना वेगळी. खुर्चीत बसल्या, मी नॅपकिन लावला नाही. स्टूल ओढून समोर बसले. खुर्चीत आडवं पडलेल्या माणसाला असलं काही सांगू नये, म्हणून खुर्चीची पाठ सरळ केली.

म्हटलं, वहिनी, मी दादाला एकदाच सांगितलं होतं. हात धुताना. फोन एकही केला नाही. त्याला साखर आहे का हे विचारलं नाही. बाहेरच्या कुठल्याही पेशंटला विचारते ते विचारलं नाही. तो हट्टी नव्हता. त्याला माहीतच नव्हतं की न येण्यात धोका आहे, कारण मी तसं सांगितलं नव्हतं.

त्या बराच वेळ ट्रेमधल्या हत्यारांकडे बघत होत्या. मग, "किती फोन केले म्हणाला होता तुम्ही?"

"मी म्हटलं नव्हतं. तुम्ही म्हणत होता. मी नाही म्हटलं नाही."

"तेराव्याला मी सगळ्यांसमोर बोलले. हट्टानं मेला म्हणून. तुमच्या शेजारी बसून बोलले."

"हो."

"अकरा महिने मी त्याला शिव्या घालते ताई. मेलेल्या माणसाला. आणि तुम्ही माझ्या घरी जेवून जात होता."

मी ट्रे बाजूला सरकवला. 

उतरल्या. चपला बाहेर होत्या, त्या घालताना भिंतीला हात लावून उभ्या राहिल्या. शोभाताई म्हणाल्या, "बाई, काम आजचं आहे, पाऊण तासाचं. राग घरी न्या, दाढ इथं ठेवा." वहिनींनी त्यांच्याकडे पाहिलं, रागानं नाही. पण गेल्या.

तांदूळ इथेच आहे.

१५ नोव्हेंबर, शनिवार

वहिनींना सकाळी एक, दुपारी एक फोन. उचलला नाही. संध्याकाळी शोभाताईंनी यादीतला म्हणून केला. उचलला. "हां," म्हणाल्या, "गिरण चालू हाय," आणि ठेवला.

टेम्पोवाला येऊन गेला, बायकोसकट. काम पुरं. यादीतून एक नाव कमी. त्याच्या बायकोनं मला विचारलं, "तुम्ही मलाच फोन का करत होता?" मी म्हटलं, ते ऐकत नाहीत म्हणून. ती म्हणाली, "ते ऐकतात हो. सांगावं लागतं."

१८ नोव्हेंबर, मंगळवार

इगतपुरीत एक डॉक्टर आहेत, मला ज्युनियर, काम स्वच्छ. त्यांना फोन करून सगळी केस सांगितली. शेहेचाळीस, नस काढलेली, औषध बदललं नाही, साखर नाही, भूल लवकर धरत नाही, आधीच सांगा. ते म्हणाले पाठवा. नातं विचारलं. सांगितलं.

पत्र लिहिलं. एक्स-रेची प्रत लावली. वहिनींनी माझ्याकडे यायलाच पाहिजे असं नाही. कुणाकडे तरी जायला हवं.

२० नोव्हेंबर, गुरुवार

दुपारचं क्लिनिक बंद ठेवून घोटीला गेले. गिरण चालू, आत कोंड्याचा धूर, कुणाचं बोलणं कुणाला ऐकू येत नव्हतं. वहिनींनी मला पाहिलं, हातातलं पोतं शिवून पुरं केलं, मग बाहेर आल्या.

पत्र दिलं. वाचलं नाही, कमरेला खोचलं.

"दुखतंय?"

"नाय."

"सिमेंट आहे का जागेवर?"

"एक कपचा निघाला. लवंग दाबून ठेवलीय."

म्हणजे दाढ उघडी झाली आहे. किती दिवसांपासून, विचारलं. रविवारपासून. मी म्हटलं, हे थांबणार नाही, माझ्याकडे नको तर इगतपुरीला जा, आज जा, मी गाडीत बसवते.

वहिनी ओट्यावर बसल्या. मला बस म्हणाल्या नाहीत, मी उभीच.

"दोन तारखेला वर्षश्राद्ध हाय," त्या म्हणाल्या. "तेराव्याला होते तेवढे सगळे येतील. तुमच्या आत्या, मामा, ह्यांच्या चुलत्यांची घरं. तिथं सांगा. मला सांगितलं तसंच. त्या माणसाचं नाव मी खराब केलं, ते तुम्ही धुवा. मग बघू दाढेचं."

"मी सांगते. पण दाढ दोन तारखेपर्यंत थांबायची नाही."

"त्याची थांबली होती की."

मग हळू: "अकरा घरं हायेत. अकरा घरांत त्याला हट्टी म्हणतात. पोरीच्या सासरी निफाडला बी. जावई उदाहरण देतो, सासऱ्यासारखं करू नका म्हणून."

आतून माणसानं हाक मारली. त्या गेल्या.

२१ नोव्हेंबर, शुक्रवार

वहीचं एक कोरं पान घेतलं. अकरा घरं लिहिली. शोभाताईंसारखी, एकाखाली एक, पुढे नंबर.

दोन तारखेपर्यंत कशाला थांबायचं.

पहिला फोन आत्याला. पॅसेजमध्ये तिनंच विचारलं होतं. सगळं सांगितलं, पॅसेजमधल्या वाक्यासकट.  ती म्हणाली, "मला हे कशाला सांगतेस आता? मी सत्तर पार केली." आणि थोड्या वेळानं, "लहानपणी बी तू मुकीच होतीस," आणि फोन ठेवला.

मामांना. ते म्हणाले जाऊ दे बाळा, होणारं होतं. मी म्हटलं, होणारं नव्हतं मामा, दुसऱ्या भेटीत झालं असतं.  ते म्हणाले, "बरं. मी घरात सांगतो."

तिसरा निफाडला, जावयांना. ते गाडी चालवत होते, बाजूला लावली. "म्हणजे बाबांची चूक नव्हती?" विचारलं. नव्हती म्हटलं. पलीकडे कुणाला तरी म्हणाले, "अगं, ऐक," आणि आवाज दूर गेला. फोन बंद केला नव्हता. दादाची मुलगी रडत असलेली मला ऐकू येत होती. मी ठेवला नाही. त्यांनीच ठेवला, बऱ्याच वेळानं.

तीन झाली. आठ राहिली.

२२ नोव्हेंबर, शनिवार

सकाळी चार घरं. एकानं उचललाच नाही, परत लावायचा. एका काकूंनी माझी कीव केली, ते शिव्यांपेक्षा वाईट. एका चुलत भावानं सरळ विचारलं, "तू अजून दात काढतेस लोकांचे?" मी म्हटलं, हो. तो म्हणाला, "कमाल आहे." मी पानावर खूण केली आणि पुढचा नंबर लावला. जीभ कोरडी पडते, पाण्याची बाटली जवळ ठेवलीय.

साडेबाराला पेशंट संपले. हात धुतले, मोबाइल वाजला. वहिनी. मागे गिरण चालू.

"आत्यांचा फोन आला होता," त्या म्हणाल्या.

मी यादीचं पान जवळ ओढलं.

"निफाडहून बी आला. पोरगी रात्रभर बोलत होती." मग फक्त गिरण.  "चुलत्यांना केला का?"

"करते. पाच राहिलेत."

"थोरल्या काकांना मोठ्यानं सांगा. त्यांना कमी ऐकू येतं."

"बरं."

परत गिरण. मी विचारणार होते, लवंग अजून आहे का, सूज आहे का, गिळताना काही होतंय का. विचारलं नाही. हे सगळं त्यांनी आपणहून सांगावं असं वाटत होतं, आणि तसं वाटून घ्यायचा मला हक्क नाही हेही कळत होतं. शेवटी विचारलंच. "सूज आहे?"

"सोमवारी हिकडं लाईट नसते," त्या म्हणाल्या. "गिरण बंद."

आणि ठेवला.

शोभाताई डबा धूत होत्या. त्यांना सांगितलं, सोमवारी कुणालाच वेळ देऊ नका, आधी दिलेले मंगळवारी घ्या. त्यांनी पान उलटलं, पेन उघडलं. "किती वाजता लिहू?"

म्हटलं, वेळ सांगितलेली नाही. येते असंही सांगितलेलं नाही.

थोरल्या काकांना दुपारनंतर फोन लावायचा आहे. जेवून झोपतात, चारनंतर उठतात.